स्टेनलेस असून गंजलं? आधी सिंकखालचं कपाट उघडून बघा

प्रश्न थोडक्यात असा आहे की नव्या घरात बसवलेल्या स्टीलच्या सिंकवर वर्षाच्या आतच तपकिरी ठिपके उठलेत, भांड्यांची चकाकी गेलीय, सुऱ्या रात्री धुऊन ठेवल्या की सकाळी त्यावर डाग दिसतात, घासलं की जातं आणि आठवड्यात परत येतं, मग विकणाऱ्याने स्टेनलेसच्या नावाखाली दुसरंच काही गळ्यात मारलं का, आणि आता करायचं काय.

गळ्यात मारलं असेलही, ते कसं ओळखायचं ते खाली सांगतो. पण माझं कामच सिंक, टेबलं, रेलिंग बनवायचं आणि खराब झालेलं स्टील परत बफ करून, म्हणजे मशीनवर घासून चकचकीत करून द्यायचं आहे, आणि इतक्या वर्षांत एक गोष्ट पक्की झालीय की घरातलं स्टील घाणीने फार कमी खराब होतं, साफ करण्याच्या नादात जास्त होतं. लोक डाग दिसला की त्यावर घरातलं सगळ्यात जहाल औषध ओततात आणि तारेच्या घासणीने घासतात, आणि तिथूनच खरा गंज सुरू होतो.

आधी हे समजून घ्या की स्टेनलेस गंजत का नाही, कारण एकदा ते कळलं की बाकीचं पाठ करावं लागत नाही. या स्टीलमध्ये कमीत कमी १०.५% क्रोमियम असतं. हवेतला ऑक्सिजन लागला की त्या क्रोमियमच्या ऑक्साइडचा पृष्ठभागावर एक पातळ थर तयार होतो, इतका पातळ की तो नॅनोमीटरमध्ये मोजतात, दोन-चार नॅनोमीटर फक्त, डोळ्याला दिसायचा प्रश्नच नाही. गंजापासून वाचवतो तो हाच थर. आणि याची गंमत म्हणजे ओरखडा गेला तरी जखमेवर खपली धरावी तसा तो आपला आपण परत धरतो, अट एकच, जागा स्वच्छ हवी आणि तिला हवा लागली पाहिजे. वरून कुठला रंग किंवा मुलामा दिलेला नसतो, त्यामुळे "कोटिंग उडालं म्हणून गंजलं" असं कुणी सांगितलं तर ते खरं नाही. थराला परत धरू दिलं नाही म्हणून गंजलं.

आता थराला परत धरू न देणाऱ्या गोष्टी घरात मोजून तीन आहेत. एक क्लोराइड, म्हणजे मीठ, ब्लीच आणि टॉयलेट-टाइल साफ करायचं ॲसिड. दुसरी, अडून राहिलेली ओल जिथे हवा पोचत नाही. आणि तिसरी, बाहेरून येऊन चिकटलेलं साधं लोखंड. तुमच्या घरात यातलं एक तरी असणारच, बहुतेक दोन असतील.

क्लोराइडचं आधी बोलतो कारण सगळ्यात जास्त सिंक यानेच जातात. टाइल्स आणि टॉयलेट साफ करायच्या बऱ्याच लिक्विडमध्ये हायड्रोक्लोरिक ॲसिड असतं, ते स्टीलवर ओतू नये हे बऱ्याच जणांना माहीत असतं, पण ती बाटली ठेवतात कुठे, तर सिंकखालच्या बंद कपाटात! झाकण जरा सैल असलं की वाफ सुटत राहते, ती सिंकच्या बुडाला, नळाच्या पाइपला, पाणी जायच्या भोकावरच्या (वेस्टच्या) जाळीला, कपाटाच्या बिजागरीला लागत राहते, आणि एक दिवस माणूस म्हणतो की मी तर काहीच वापरलं नाही तरी गंज आला. म्हणून कुणी असा प्रश्न विचारला की मी सिंककडे बघायच्या आधी खालचं कपाट उघडायला सांगतो. ॲसिडची आणि ब्लीचची बाटली तिथून काढा, हवा खेळती असेल अशा जागी आणि मुलांच्या हाताला लागणार नाही अशी ठेवा, कपाट दोन दिवस उघडं ठेवा, सिंकचं बूड आणि पाइप ओल्या फडक्याने पुसून मग कोरडे करा. नवीन घर असेल तर अजून एक शक्यता आहे, टाइल्सवरचं सिमेंट काढायला शेवटच्या दिवसात ॲसिडने धुलाई करतात आणि त्याचे शिंतोडे व वाफ सिंकवर, नळावर, दाराच्या हँडलवर बसते. वर्षाच्या आत ठिपके आले म्हणताय तर मला ही शंका बरीच येतेय.

ब्लीचचंही तेच. फडकी, कपडे किंवा कटिंग बोर्ड ब्लीचच्या पाण्यात भिजवायला लोक सिंक भरून ठेवतात नाहीतर स्टीलची बादली-पातेलं घेतात आणि रात्रभर तसंच. प्लास्टिकचं टब घ्या ना. चुकून स्टीलवर पडलंच तर घाबरायचं काही नाही, लगेच भरपूर पाण्याने धुऊन पुसलं की झालं. त्रास होतो तो सुकून राहिल्यामुळे, पाणी उडून जातं आणि राहिलेला थेंब घट्ट होत जातो.

मिठाबाबत एक बारकी गोष्ट, जी बहुतेकांना कुणी सांगितलेलीच नसते. थंड पाण्यात मीठ टाकलं की खडे तळाला जाऊन बसतात आणि तापताना त्या खड्याखाली एवढं तीव्र मिठाचं पाणी तयार होतं की तळाला टाचणीच्या टोकाएवढे पांढुरके खड्डे पडतात. नव्या कोऱ्या महागड्या पातेल्यालाही पडतात. पाणी उकळल्यावर मीठ टाकायचं आणि ढवळायचं, बस. खड्डे आधीच पडले असतील तर ते काही भरून येणार नाहीत, पण भांडं वापरायला काही हरकत नसते. खारट-आंबट पदार्थ स्टीलमध्ये शिजवायला काही होत नाही, मात्र रात्रभर किंवा दोन-दोन दिवस त्यातच ठेवायचे नाहीत, काचेच्या डब्यात काढा. आणि ते लिंबू अन् मीठ लावून घासायचं जे सगळीकडे सांगतात ना, ते तांब्या-पितळेसाठी ठीक आहे, स्टीलवर करू नका, आम्ल आणि क्लोराइड एकत्र म्हणजे थर फाडायचीच तयारी, वर मिठाच्या खड्याने ओरखडे ते वेगळेच.

आता ओल. सिंकमध्ये रबराची जाळी अंथरून ठेवता का? ती उचलून बघा खाली काय आहे ते. ओला स्पंज कायम एकाच कोपऱ्यात, साबणाच्या बाटलीच्या बुडाखालचं वर्तुळ, नळाच्या बुंध्याभोवतीची फट, डब्याची वळवलेली कड, हँडलच्या रिव्हेटच्या कडा, कुकरच्या झाकणातली रबरी रिंग जिथे बसते ती खाच... या सगळ्या जागांचं दुखणं सारखंच आहे, पाणी आत जातं, हवा जात नाही, आणि क्रोमियमचा थर एकदा फाटला की ऑक्सिजनशिवाय परत धरत नाही. त्यात साबणाचा आणि अन्नाचा अंश अडकलेला असतो तो ओल धरून ठेवतो. म्हणून उघड्या सपाट भागावर काही नाही आणि कडेलाच गंज असं दिसतं. जाळी वापरायची असेल तर वापरा, पण रात्री काढून उभी करून ठेवा. भांडी ओली असतानाच एकात एक घालून ठेवायची सवयही सोडा.

तिसरं, बाहेरचं लोखंड, आणि यात लोकांचा सगळ्यात जास्त गोंधळ होतो कारण गंज स्टीलवर दिसतो पण स्टीलचा नसतोच. लोखंडी तवा ओला असताना सिंकमध्ये उपडा पडून राहिला, पत्र्याचा डबा ओल्या सिंकवर रात्रभर ठेवला आणि खाली गोल तपकिरी रिंग उमटली, साध्या लोखंडाच्या तारेच्या घासणीने घासलं आणि तिचे केसासारखे तुकडे ओरखड्यात रुतून बसले, दुसऱ्या दिवशी ते गंजले. माणसाला वाटतं भांडं गंजलं, मग तो अजून जोरात त्याच घासणीने घासतो, अजून लोखंड रुततं, आणि हे चक्र चालूच. नव्या घरात किंवा रिपेअरिंगच्या वेळी ग्रिलवाले, प्लंबर जवळपास ग्राइंडर चालवतात, त्याची लोखंडी धूळ उडून सिंकवर, फ्रिजच्या दारावर बसते आणि पहिला दमटपणा लागला की शेकडो बारीक नारिंगी ठिपके. काम चालू असेल तर सिंक झाकून घ्या हे मी ओरडून ओरडून सांगतो, कुणी ऐकत नाही.

ओळखायचं कसं? ओल्या फडक्यावर थोडा खाण्याचा सोडा घेऊन ठिपका चोळा. निघून गेला आणि खाली गुळगुळीत चकचकीत स्टील दिसलं, तर तो बाहेरचा गंज होता. ठिपका गेला पण खाली काळा बारीक टिंब राहिला आणि नख फिरवलं की अडकतं, तर स्टीलला खड्डा पडलाय, म्हणजे क्लोराइड किंवा अडकलेली ओल.

आता फसवणुकीकडे येतो. घरात साधारण चार प्रकारचं स्टील येतं. ३०४, ज्यात साधारण १८% क्रोमियम आणि ८% निकेल, चांगली भांडी आणि सिंक याची असतात. ४३०, यात निकेल जवळपास नसतंच, क्रोमियम १६ ते १८%, चुंबक कडक चिकटतं, इंडक्शनवर चालायला भांड्याच्या बुडालाही हेच लावतात. २०० सीरिज, म्हणजे २०१-२०२ वगैरे, यात महागडं निकेल कमी करून मँगनीज घातलेलं असतं, दिसायला अगदी ३०४ सारखं पण खाऱ्या-दमट जागी लवकर ठिपके धरतं. आणि ३१६, यात वर २ ते ३% मॉलिब्डेनम, मिठाला जास्त टिकतं, घरात कमी दिसतं.

लोक चुंबक लावून "नाही चिकटलं म्हणजे अस्सल" म्हणतात, ते अर्धवट आहे. २०० सीरिजलाही चुंबक चिकटत नाही, आणि उलट अस्सल ३०४ पत्रा जिथे दाबून खोल वळवलेला असतो, सिंकच्या कोपऱ्यात वगैरे, तिथे थोडंसं चिकटू शकतं. म्हणजे चुंबकाने ४३० ओळखता येतं, २०१ आणि ३०४ मधला फरक नाही. तो ओळखायला ग्रेड तपासायचं मशीन किंवा केमिकलचे थेंब लागतात. घेताना वस्तूवर ठोकलेला ग्रेड आणि बिलावर लिहिलेला ग्रेड एवढं तरी बघा.

सुऱ्यांचं प्रकरण मात्र वेगळं आहे, तिथे तुम्हाला कुणी फसवलेलं नाही. सुरीला धार धरायला कार्बन लागतो, आणि त्या प्रकारच्या स्टीलमध्ये क्रोमियम साधारण १३-१४% च्या आसपास, निकेल जवळपास नाहीच, त्यामुळे ती चमच्यापेक्षा आधी डागाळणारच. १९१३ मध्ये इंग्लंडमधल्या शेफील्डला हॅरी ब्रिअर्ली नावाचा धातुतज्ज्ञ बंदुकीच्या नळ्या झिजू नयेत म्हणून प्रयोग करत होता, तेव्हा त्याच्या हाती जे लागलं ते साधारण याच जातीचं स्टील होतं, आणि गाव सुरी-काट्यांचं असल्यामुळे त्याने ते आधी सुऱ्यांसाठी पुढे आणलं. तर सुरी वापरली की लगेच धुवायची, लगेच पुसायची, सिंकमध्ये भिजत टाकायची नाही, चांगली असेल तर डिशवॉशरमध्येही घालायची नाही. डिशवॉशर आहेच घरी तर दोन गोष्टी, त्यात गंजलेली एकही वस्तू घालू नका कारण तिचे कण उडून बाकीच्या सगळ्यांवर बसतात, आणि मशीनमध्ये मीठ भरल्यावर लगेच एक वॉश लावा, सांडलेलं मीठ तसंच ठेवू नका.

आलेला गंज काढायचा कसा ते आता. नेहमी सौम्यापासून सुरुवात. कोमट पाणी आणि भांड्यांचं लिक्विड, मऊ स्पंज. नाही गेलं तर खाण्याच्या सोड्याची पेस्ट लावून पाच-दहा मिनिटं ठेवा आणि चोळा. तरी राहिलं तर सायट्रिक ॲसिडचे दाणे, एक चमचा ग्लासभर कोमट पाण्यात, कापड भिजवून त्या जागेवर पंधरा-वीस मिनिटं ठेवा, मग चोळून भरपूर पाण्याने धुवा. यानेही न जाणारा जुनाट गंज असेल तर ऑक्सॅलिक ॲसिड असलेली स्टील क्लीनर पावडर मिळते, आम्हीही तीच वापरतो, मस्त काम करते, पण ती विषारी आहे, हातमोजे घाला, कोरडी पावडर नाकातोंडात जाऊ देऊ नका, मिनिटभराच्या वर ठेवू नका आणि नंतर नीट धुवा. आणि हे लक्षात ठेवाच, कुठलंही आम्ल आणि ब्लीच कधीही एकत्र नाही, एकामागोमाग एकही नाही, क्लोरीन वायू निघतो आणि बंद किचनमध्ये तो जिवावर बेतू शकतो. सोडा आणि व्हिनेगर एकत्र करून जो फेस काढतात त्याला मात्र धोका काही नाही, फक्त उपयोगही नाही, दोघं एकमेकांना मारून टाकतात. वापरायचेच तर वेगवेगळे वापरा.

घासायची दिशा महत्त्वाची. ब्रश फिनिशच्या स्टीलवर जवळून पाहिलं तर एका दिशेने बारीक रेघा दिसतात, त्याच दिशेने हात चालवा, गोल गोल नाही. आडवे ओरखडे नुसते दिसतात असं नाही, त्यात घाण आणि ओल बसते. हिरव्या घासणीत घासपावडर असते त्यामुळे आरशासारख्या फिनिशवर ती लावू नका, पांढरी किंवा निळी मऊ मिळते ती घ्या. स्टेनलेसच्याच तारेचा गुंडाळा स्वतः गंजत नाही हे खरं, पण ओरखडे तोही पाडतोच, करपलेल्या बुडापुरता ठेवा.

गंज नसलेले डाग लोक गंज समजून घासत बसतात तेही सांगतो. पांढरे थेंब-थेंब डाग हे पाण्यातल्या क्षारांचे असतात, एक भाग व्हिनेगर तीन भाग पाणी, दहा मिनिटं, धुऊन पुसा. इंद्रधनुष्यासारखे निळे-सोनेरी पट्टे भांडं जास्त तापल्यामुळे येतात, तो त्याच ऑक्साइडचा जाड झालेला थर आहे, त्याने बिघडत काही नाही, नको असेल तर व्हिनेगरच्या फडक्याने जातो. तपकिरी चिकट थर म्हणजे तापून घट्ट झालेलं तेल, त्यावर व्हिनेगर चालत नाही, पाण्यात सोडा घालून भांडं दहा-पंधरा मिनिटं उकळा आणि लाकडी उलथन्याने सोडवा. थर्मासच्या आतला चहाचा तपकिरीपणा गरम पाणी आणि सोड्याने किंवा क्लोरीन नसलेल्या ऑक्सिजन ब्लीचने सुटतो, त्यात साधं ब्लीच घालू नका. नव्या भांड्यावर फडकं फिरवलं की काळं येतं ती पॉलिशची पावडर असते, आधी खाण्याचं तेल लावून पुसा, मग गरम साबणपाण्याने धुवा, नुसत्या साबणाने ती नीट निघत नाही.

फ्रिज-ओव्हनच्या दारांना बोटांचे ठसे ही वेगळीच डोकेदुखी. किंचित साबणाचं पाणी, मायक्रोफायबर, मग कोरडं फडकं. लिक्विड थेट दारावर फवारू नका, फडक्यावर घ्या. हल्ली बऱ्याच दारांवर ठसे न उमटणारं पारदर्शक कोटिंग असतं, त्यावर वरच्या पावडरी, व्हिनेगर, पॉलिश काहीही नको, स्टीलला चालणारी गोष्टही ते कोटिंग खराब करते.

समुद्राजवळ राहत असाल तर हवेतच मीठ आहे, बाल्कनीच्या रेलिंगवर, दाराच्या हँडलवर तपकिरी झाक येतेच, ३०४ वरही येते. तिथे महिन्यातून एक-दोनदा गोड्या पाण्याने धुऊन पुसण्याला पर्याय नाही, आणि नवीन बसवत असाल तर ३१६ मागा. बोअरच्या खाऱ्या पाण्याचंही तसंच, साधारण धरतात की लिटरला २०० मिलिग्रॅमपर्यंत क्लोराइड असेल तर ३०४ निभावतं, त्यापुढे त्रास सुरू. पाण्याचा रिपोर्ट असेल तर तो आकडा बघा.

रोजचं म्हणाल तर फार काही नाही. रात्री काम संपलं की सिंक साबणाने धुवायचं, साबण राहणार नाही असं नीट खंगाळायचं, आणि कोरड्या फडक्याने पुसायचं. लोक पहिल्या दोन गोष्टी करतात, तिसरी करत नाहीत, आणि गंजाच्या बाबतीत फरक तिथेच पडतो. पुसल्यावर आठवड्यातून एकदा दोन थेंब मिनरल ऑइल फिरवलं तर पाणी घरंगळून जातं आणि दिसायला छान, पण ते हौसेचं काम, न केलं तरी चालतं. खाण्याचं तेल लावून ठेवू नका, चिकट होऊन धूळ धरतं.

तर तुमच्या सिंकचं असं करा. कपाटातल्या बाटल्या हलवा, तारेची घासणी फेकून द्या, सगळं सिंक एकदा सायट्रिक ॲसिडने आणि लागलंच तर ऑक्सॅलिकवाल्या पावडरीने साफ करा, धुऊन कोरडं करून एक दिवस वापरू नका म्हणजे थर परत नीट धरेल. मग महिनाभर रोज पुसून बघा. ठिपके आलेच नाहीत तर स्टील चांगलं आहे, तो वरवरचा गंज होता. नेमक्या त्याच टिंबांवर परत आले तर खड्डे पडलेत, उथळ असतील तर बफिंगवाला काढून देईल. फक्त वेल्डिंगच्या जोडावर येत असेल तर तो बनवणाऱ्याचा दोष, वेल्डिंगनंतर जोड नीट साफ केलेला नाही, वॉरंटी असेपर्यंत फोटो काढून तक्रार टाका. आणि सगळीकडे सपाट भागावर विखरून परत येत राहिले, वर घरात ॲसिड-ब्लीच काहीच नाही, पाणीही खारं नाही, तर मग ग्रेड तपासून घ्या, बहुतेक २०० सीरिज निघेल.

पाण्याचा गळका थेंब सिंकच्या खालच्या बाजूला दिसत असेल तर मात्र हे सगळं करत बसू नका, खड्डा आरपार गेलाय, पातळ पत्र्याला तिथे टाका मारून फार दिवस टिकत नाही, सिंक बदला.